माझे मुखत्यार डॉक्टर

५ जानेवारी

निवड झाली! झाली, झाली, झाली! फोन ठेवला आणि मी स्वयंपाकघरात दोन गिरक्या घेतल्या. एक कपही फुटला, फुटू दे.

टेकडीवरच्या त्या दगडी संस्थेसमोरून शाळेत जाता-येता माझा जन्म गेला. आत अभ्यासक असतात, आपापला विषय घेऊन बसलेले, आणि महिनोन्महिने बोलत नाहीत. आम्ही शिक्षिका म्हणायचो, इथे कोण राहील बाई, वेड लागेल. आणि आता निवृत्त झाल्यावर मीच चाललेय. आता मौन सुरू होणार ते थेट ऑक्टोबरच्या मोठ्या सभेपर्यंत. माझा विषय हाका. माणसं एकमेकांना कशा हाका मारतात, नदीपलीकडे, जिन्यावरून, बांधकामाच्या परांचीवरून, खेळणाऱ्या पोराला, हरवलेल्या मांजराला. प्रत्येक सुट्टीत रेकॉर्डर घेऊन मी गावोगाव एकटी हिंडले ती यासाठीच. लोक हसायचे. आता हसा म्हणावं!

सभेत पास झाले तर माझा सगळा संग्रह संस्था कायमचा जपून ठेवणार आणि मला तिथे कामाला कायमची खोली मिळणार. नापास झाले तर खोकी उचलून घरी. इथे दुसऱ्यांदा घेत नाहीत कुणाला.

लेकीला फोन केला. ती इतकी हसली की तिला ठसका लागला. "आई, तू? मौन? अगं तू झोपेतसुद्धा बोलतेस!"

"बोलू दे. झोपेतलं धरत नाहीत, मी विचारून घेतलंय."

"आणि तुझा विषय सभेत कोण मांडणार मग?"

गंमत तीच आहे. अभ्यासकाने स्वतः मांडायचाच नाही. त्याचा मुखत्यार मांडतो. आणि हा मुखत्यार विद्वान नसावा, अभ्यासकाच्या घरातलाच कुणीतरी असावा. त्याला लिहून काही द्यायचं नाही, समजावायचं नाही. त्याने यायचं, शेजारी बसायचं, काम बघायचं, आणि कळलं तेवढं सभेत बोलायचं. संस्था काढणाऱ्या बाईंचं म्हणणं असं की जे शेजारच्या माणसाला न सांगता कळतं, तेवढंच तुमचं खरं कळलेलं. हट्टी बाई असणार!

"मग बाबा?" लेक म्हणाली. "बाबा बोलणार सभेत? त्यांना विचारलंस का?"

"त्यांना काय विचारायचं? ते कधी नाही म्हणालेत?"

डॉक्टरांना मी संध्याकाळी सांगून टाकलं. आमचे हे दातांचे डॉक्टर. दिवसभर दुसऱ्यांच्या तोंडात डोकावून येतात, स्वतःचं मात्र उघडत नाहीत. त्यांनी चष्मा काढला, पुसला, परत लावला. म्हणजे हो.

१२ जानेवारी

आजपासून तोंडाला कुलूप. शेवटचं बोलून घ्यायचं म्हणून सकाळी उठल्यापासून सुरू होते ती फाटकापर्यंत. नळवाल्याला कधी बोलवायचं, झाडांना पाणी किती, दवाखान्याचा पडदा धुवायला टाका, लेकीला रविवारी फोन करा, नाहीतर ती काळजी करते. डॉक्टर बॅग घेऊन शेजारी चालत होते. फाटकाशी ते थांबले. म्हणाले, "एक सांगायचं होतं."

"हो हो, गॅस मी बंद केलाय," मी म्हटलं, "आणि किल्ली शेजारी आहे." तेवढ्यात घंटा झाली. घंटेनंतर बोलायचं नाही. मी तोंडावर बोट ठेवलं. ते हसले. "असू दे, नंतर," म्हणाले, आणि वळून गेले.

गॅसचंच असणार. त्यांना गॅसची फार धास्ती.

खोली छान आहे. टेबल मोठं, खिडकी त्याहून मोठी. अध्यक्षबाईंनी स्वतः येऊन चादर नीट केली. त्या एकट्याच इथे बोलतात, तेही इतकं हळू की ऐकायला पुढे वाकावं लागतं. म्हणाल्या, "दैनंदिनी लिहायला हरकत नाही, कुणाला वाचायला दिली नाही म्हणजे झालं." मी मान इतकी जोरात हलवली की मानेत चमक आली.

१९ जानेवारी

काय सांगू किती मजा येतेय! जेवायच्या खोलीत आम्ही सगळे गप्प, आणि चमचे, खुर्च्या, कुणाच्या गुडघ्याचा कटकट आवाज, सगळं ऐकू येतं. शेजारच्या खोलीतले गृहस्थ मुंग्यांवर काम करतात. मी त्यांना मनात मुंगळे म्हणते. ते मीठ मागताना दोन बोटांनी हवेतून मुंग्यांची रांग चालवतात. आज मला हसू फुटणार होतं, ते मी पाण्याबरोबर गिळलं आणि पाणी नाकातून आलं. मुंगळ्यांनी आपला रुमाल पुढे केला. भला माणूस.

बोलायचं इतकं साचलंय की वाटतं, ऑक्टोबरात तोंड उघडलं तर आठवडाभर मिटणार नाही. मौन सुटताना सभेसमोर अभ्यासकाने पहिल्यांदा बोलायचं असतं, काय वाटेल ते. मी आत्तापासूनच भाषण रचायला घेतलंय. सुरुवात जमलीय, झकास आहे.

३ मार्च

काम झपाट्याने चाललंय. शेकडो हाका एकेक करून ऐकायच्या, पुढचं-मागचं कापून टाकायचं, उरलेल्या हाकेच्या चढउताराची रेघ लांब कागदावर काढायची. भिंतीवर आता रेघाच रेघा. आणि मला सापडलंय! अंतर वाढलं की शेवटचा स्वर लांबतो. अंगणातली हाक आखूड, टेकडीवरची लांब. इतकं सरळ! ओरडावंसं वाटलं, तर उशीत तोंड घालून पाय आपटले.

डॉक्टर रविवारी येतात. खुर्चीत बसतात, भिंत बघतात, कानाला यंत्र लावून ऐकतात. मग घड्याळ बघून जातात. त्यांच्या डोक्यात काय शिरतंय देव जाणे. मी रेघांवर जोरजोरात बोट आपटून दाखवते: हे बघा, हे लांबतंय! ते मान डोलावतात. पेशंट "दुखतंय" म्हणतो तेव्हासुद्धा अशीच डोलावतात.

१० मे

बुडाले. पार बुडाले.

आज छोटी सभा होती, मोठ्या सभेआधीची चाचणी. मुंगळ्यांची बहीण उठली आणि मुंग्यांबद्दल अशी काही बोलली की लोकांनी बाकं बडवली. मग डॉक्टर उठले. कोट नीट केला. म्हणाले, "माझी बायको हाकांचा अभ्यास करते." मग बराच वेळ काहीच नाही. मी पहिल्या बाकावर, हाताच्या मुठी आवळून. माझे ओठ आपोआप हलत होते, अंतर, अंतर म्हणा ना! त्यांनी माझ्याकडे पाहिलं. "मला अजून कळलेलं नाही," म्हणाले आणि बसले.

बसले! माझा सगळा जन्माचा खटाटोप, आणि हा माणूस दोन वाक्यांत बसला!

अध्यक्षबाई पुढे वाकून त्यांना म्हणाल्या, "ऑक्टोबरात शेवटची संधी. मुखत्यार बदलायचा असेल तर आत्ताच सांगा." सगळे माझ्याकडे बघायला लागले. मनातलं खरं लिहिते, लेकीचं नाव डोळ्यांसमोर आलं होतं. ती बोलकी, माझ्यावर गेलेली. मान हलवणार तेवढ्यात डॉक्टर म्हणाले, "मला राहू द्या. मला जमेल."

आयुष्यात त्यांनी "मला राहू द्या" असं काही म्हटल्याचं मला आठवत नाही. मी गोंधळून तशीच बसून राहिले, आणि बाईंनी तो होकार धरला.

१४ मे

डॉक्टर आज भर दुपारी आले! रविवार नसताना! दवाखाना दुपारचा बंद केला म्हणाले, आता रोज येणार. पेशंटांचं काय, असं मी हातांनी विचारलं. म्हणाले, "दात थांबतात. इतकी वर्षं थांबलेच की."

मग खुर्ची भिंतीजवळून उचलून माझ्या टेबलाशी, अगदी कोपराला कोपर लागेल अशी ठेवली. मला कसंतरीच झालं. लग्नानंतर पहिल्यांदा सिनेमाला गेलो होतो तेव्हा असे बसलो होतो.

२ जून

रोज येतात. आधी चिडचिड व्हायची, आता तीन वाजायच्या सुमाराला कान जिन्याकडे लागतात. ते बघतात तरी काय ते मात्र कळत नाही. भिंतीवरच्या रेघा सोडून माझ्या हाताकडे बघत बसतात. आज मी एका हाकेचं शेपूट कापत होते. नदीवरची बाई, "ये गंऽऽ" अशी, आणि पुढे नुसती सूं सूं, मग कुठूनतरी कुणीतरी काहीतरी, मग कुत्रं. असला फाफटपसारा मी कायमच कापते, जागा खातो नुसता. माझं बोट बटणावर गेलं आणि डॉक्टरांनी माझा हात धरला.

"हे कुठे जातं?" त्यांनी विचारलं.

मी हवेत फुंकर मारली. जातं कुठे? जातं.

"मूळ आहे का? न कापलेलं?"

आहे की. घरी कपाटावर, बुटांच्या खोक्यांत, आठवण म्हणून ठेवलेलं. मी उंच हात करून कपाट दाखवलं आणि नाक मुरडलं, धूळ आहे नुसती. ते लगेच उठून गेले. साधा चहाही घेतला नाही. हा माणूस आता खोकी पुसत बसणार, आणि मला ऑक्टोबरचा धसका!

२० जुलै

लेक येऊन गेली. माझ्या गळ्यातच पडली आणि दोघींचं बोलणं एकटीनेच बोलली. किती गोड वाटलं ऐकायला! पण एक विचित्र बोलली. "आई, बाबा काय बोलतात गं! रविवारी फोन केला तर सोडेचनात. नदीवरच्या बायका, तुझा तो टेकडीवरचा गुराखी, सगळ्यांचं सांगतात. मला तर माहीतच नव्हतं, बाबा इतके विनोदी आहेत."

विनोदी? डॉक्टर? बिचारा एकटा पडलाय, भिंतींशी बोलायच्या ऐवजी लेकीशी बोलत असेल. मला गलबलून आलं. सभा झाली की त्यांच्याशी भरपूर बोलायचं ठरवलं, म्हणजे मी भरपूर बोलेन, त्यांना सोबत होईल.

जाताना लेक दारात थांबली. "बाबा म्हणाले, तुला काहीतरी सांगायचं राहिलंय. काय ते मला सांगत नाहीत."

अजून गॅसच! माणूस एकदा धरलं की सोडत नाही.

२८ सप्टेंबर

माझं सगळं तयार. एकेक रेघ घासूनपुसून लखलखीत केलीय. मौन सुटल्यावरचं भाषणही पाठ आहे, आरशासमोर नुसते ओठ हलवून सराव करते. त्यात एक जागा अशी आहे की लोक उभे राहून टाळ्या वाजवणार, पैज लावते.

डॉक्टरांना माझा शोध कळलाय की नाही, याचा मात्र पत्ता लागत नाही. आज मी शेवटचा प्रयत्न केला. खोलीच्या या टोकाला उभी राहिले आणि आखूड हाकेसारखं तोंड केलं, मग त्या टोकाला गेले आणि हे एवढं मोठं तोंड केलं. आवाज अर्थातच नाही. डॉक्टर उठले, जवळ आले आणि म्हणाले, "मागची दाढ किडलीय तुझी. सभा झाली की बघू."

देवा!

११ ऑक्टोबर

फार उशीर झालाय. पण आज सगळं लिहिणार.

सभागृह खचाखच. लेक मागच्या रांगेत. डॉक्टर आले, टेबलावर यंत्र ठेवलं, कोट काढून खुर्चीला लावला. कोट काढला! म्हणाले, "मी दातांचा डॉक्टर आहे. माझ्यासमोर माणसं तोंड उघडून बसतात आणि त्यांना बोलता येत नाही. मी विचारतो, दुखतंय का? आणि थांबतो. भुवई हलते, अंगठा हलतो. मला उत्तर मिळतं. थांबलो नाही तर चुकीचा दात निघतो."

लोक हसले. मी नाही हसले. माझ्या विषयाचं काय?

"माझ्या बायकोने आयुष्यभर हाका जमवल्या," ते म्हणाले. "तिने भिंतीवर लावलंय की अंतर वाढलं की हाक लांबते. मला ते खरं वाटलं. मग मी न कापलेल्या हाका ऐकल्या. अंतराने हाक लांबत नाही."

माझं डोकंच फिरलं! माझा मुखत्यार, माझ्या तोंडावर, मला खोटं पाडतोय! जीभ टाळ्यापासून सुटली होती, "अहो काय बोलताय" इथवर घशात आलं होतं. मी रुमाल कोंबला तोंडात. पुरेना. मुंगळ्यांनी त्यांचा दिला, तोही कोंबला. एक शब्द बाहेर पडला असता तर सगळं संपलं होतं.

डॉक्टरांनी यंत्र लावलं. टेकडीवरचा गुराखी, दरीपलीकडे हाक मारतो, एवढ्या लांब. आखूड हाक. आणि लगेच पलीकडून उत्तर. मग एकाच खोलीतली आजी, नातवाला हाक मारते. उत्तर नाही. ती थांबते. परत हाक, थोडी लांब. थांबते. परत, आणखी लांब. मग मांजराला हाक मारणारी बाई, मग बांधकामावरचा माणूस. एकामागून एक. प्रत्येक वेळी हाक, मग ती सूं सूं करणारी जागा, जी मी फाफटपसारा म्हणून आयुष्यभर कापत आले.

"उत्तर आलं नाही की हाक लांबते," डॉक्टर म्हणाले. "हाक मारणारा थांबून ऐकतो, आणि त्यावर पुढची हाक ठरते. ऐकणं हा हाकेचाच अर्धा भाग आहे. हे मी शोधलेलं नाही. हे सगळं तिच्या रेकॉर्डिंगमध्ये आहे. तिने ते भरउन्हात उभं राहून गोळा केलं, आणि मूळ फेकून दिलं नाही."

माझ्या तोंडातल्या रुमालाची शिवण मला जिभेला जाणवत होती. तो राग, तो कुठे गेला कळलंच नाही. इतकी वर्षं मी अर्धीच हाक हातात धरून बसले होते! आणि उरलेली अर्धी माझ्याच कपाटावर, बुटांच्या खोक्यात! आनंदाने मी बाकावर उड्या मारायची बाकी होते. आवाज न करता जेवढ्या मारता येतात तेवढ्या मारल्याही.

मग ते म्हणाले, "संग्रहात एक हाक वेगळी आहे. अशी ही एकच आहे." आणि लावली.

माझाच आवाज! नवा रेकॉर्डर आणला होता तेव्हा स्वयंपाकघरात तपासून पाहिला होता, तो तुकडा. "अहो चहा झालाय आणि त्या नळवाल्याला फोन करा नाही राहू द्या मीच करते तुमचं काही खरं नाही आणि तो पडदा..." सभागृहात हास्याचा स्फोट झाला. लेक तर वाकून वाकून हसत होती. रेकॉर्डिंग चांगलं होतं, आवाज स्वच्छ, त्यात एवढं काय?

"या हाकेत थांबायची जागा नाही," डॉक्टर म्हणाले. तेही हसत होते. "ही तक्रार नाही, नोंद आहे. आता हेच सावकाश ऐका."

त्यांनी वेग कमी केला. माझा आवाज जाडा, ओढल्यासारखा झाला. "अ... हो..." आणि त्याच्या लगेच मागे, माझ्या "चहा"च्या खाली दबलेला, दुसऱ्या खोलीतून आलेला एक आवाज.

"ओ."

त्यांचा. अगदी स्पष्ट.

डॉक्टरांनी यंत्र बंद केलं आणि कोट घातला.

१२ ऑक्टोबर, सकाळ

पास! सगळ्यांनी हात वर केले, मुंगळ्यांनी दोन्ही. आता थोड्या वेळाने मौन सुटायचं. भाषण पाठ आहे. रात्रभर मात्र भाषणातलं काहीच डोक्यात आलं नाही, तो "ओ" तेवढा वाजत राहिला. त्या दिवशी मी तो ऐकला नव्हता. मग बाकीच्या दिवशी?

१२ ऑक्टोबर, संध्याकाळ

घंटा झाली आणि अध्यक्षबाईंनी मला पुढे बोलावलं. सगळे टेकून बसले, लेकीने तर पाण्याची बाटली काढून ठेवली होती, तिला माहीत होतं किती वेळ लागतो ते. डॉक्टर कोपऱ्यात यंत्राच्या वायरी गुंडाळत होते, माझ्याकडे पाठ करून.

मी तोंड उघडलं. भाषणाचं पहिलं वाक्य अगदी जिभेवर होतं.

"अहो," मी म्हटलं.

आणि थांबले.

बापरे, काय कठीण असतं ते! सभा बघतेय, इतक्या महिन्यांचं बोलणं साचलेलं, आणि आपण नुसतं उभं राहायचं. डॉक्टरांचे हात थांबले. ते सावकाश वळले. मी अजून थांबलेली. कुणीतरी खोकलं.

"ओ," डॉक्टर म्हणाले.

मी रडले. उगाच का लपवू, हुंदके देऊन रडले. पण बोलले नाही, कारण त्यांचं तोंड अजून उघडंच होतं. ते दोन पावलं पुढे आले, चष्मा काढला, पुसला, परत लावला.

"पुढच्या खेपेला हाका गोळा करायला जाशील ना," ते म्हणाले, "तेव्हा मलाही ने."

"त्या दिवशी फाटकाशी हेच सांगायचं होतं?"

"हो. त्याच्या आधीही."

"मग सांगितलं का नाहीत?" मी म्हटलं.

ते नुसते हसले. आणि काय झालं कोण जाणे, अख्खी सभा हसायला लागली, अध्यक्षबाईसुद्धा.